गुरुवारच्या आधी

गुरुवारी एलाडियोची बेसबॉल लीगमध्ये दहा वर्षं भरणार होती. एकूण दहा आणि त्यातली शेवटची पाच एकाच संघात भरली, की खेळाडूच्या होकाराशिवाय त्याला दुसऱ्या संघाला देता येत नाही. म्हणून टॅनर्स संघाचा मालक टॅगर्ट सोमवारीच जनरल मॅनेजर गस वोइटला म्हणाला, "बुधवारपर्यंत काढ त्याला. त्याच्या एकट्याच्या पगारात मी चार जण ठेवीन."

चार जण! तिसऱ्या बेसवर तो एकटा उभा असायचा म्हणून ओहायोतलं हे गंजकं शहर तिकिटं काढायचं. टॅगर्टची चूल काही विझली नव्हती. गेल्याच वर्षी त्याने तिसरी बोट घेतली होती. गसला हे सगळं ठाऊक होतं. गस "हो" म्हणाला.

तीन वर्षांपूर्वी एलाडियो म्हणाला होता, "मला विकणार नाही, एवढी ओळ करारात घाल." तेव्हा गसने त्याच्या खांद्यावर हात टाकला होता. "तीन वर्षांत तो हक्क तुला आपोआप मिळतोय की! तोवर मी आहे ना." त्या शब्दावर एलाडियोने दुसऱ्या संघाचे जास्तीचे पैसे सोडले.

बुधवारी दुपारी, सामना नऊपैकी सहाव्या इनिंगमध्ये असताना सौदा पक्का झाला. गसने डगआउटला फोन केला. कोचने एलाडियोला मैदानातून परत बोलावलं. धडधाकट खेळाडू असा मधेच बाहेर आला, की काय झालं ते कुणाला सांगावं लागत नाही. संघातली पोरं एकेक उठून त्याला मिठी मारू लागली. स्टेडियम उभं राहिलं आणि वरच्या, मालकाच्या खोलीच्या काचेकडे बघून ओरडू लागलं, "टॅगर्ट, बोट वीक!"

काचेमागे टॅगर्ट नव्हताच. गस होता.

तो जिना उतरून खाली, ड्रेसिंग रूमकडे जाणाऱ्या बोळात गेला. एलाडियो हातमोजा काढत होता.

"काय म्हाताऱ्या, मिठी मारायला आलास? रांग तिकडे आहे."

"एलाडियो, माझ्या हातात काही—"

"फोन होता की! एक दिवस खाली ठेवला असतास तर?"

"नोकरी गेली असती माझी."

"मग वाचली. अभिनंदन." एलाडियोने हातमोजा काखेत मारला. "बायकोने उद्यासाठी अख्खं डुक्कर सांगून ठेवलंय. दहा वर्षांची पार्टी. पाहुण्यांत तुझं नाव पहिलं आहे. मला का विकलं, ते मी तिला सांगणार नाही. तू ये, आणि तूच सांग."

"येतो," गस म्हणाला.

तो येणार नाही, हे दोघांनाही कळलं.