बिनचूक

तपासणीला आलेल्या मुलीने कापडावर भिंग ठेवलं, डोळा लावला, भिंग चार बोटं पुढे सरकवलं, पुन्हा डोळा लावला. असं करत करत ती पाच मीटरच्या टोकाला पोचली आणि तिचा चेहरा पडला. फूटपट्टी समोर हाताची घडी घालून उभा होता. कापड बघून पडलेले चेहरे त्याने पुष्कळ पाहिले होते, पण ते दुसऱ्यांच्या कापडावर. आपल्या कापडापुढे माणसाने मान डोलवायची, एवढीच त्याला सवय.

"काका," ती म्हणाली, "यात एकही चूक नाही हो."

"नसणारच."

"मग मला शिक्का मारता येणार नाही."

फूटपट्टी हे काही त्याचं आईबापांनी ठेवलेलं नाव नव्हे. तोंडावर सगळी गल्ली त्याला मास्तर म्हणायची आणि पाठ वळली की फूटपट्टी. त्याच्या कापडाचा काठ सरळ होता, ते तर झालंच; पण तो भाजीच्या पिशव्या ओळीत ठेवायचा, चहाचा कप बशीच्या बरोबर मधोमध आला नाही तर आधी तो नीट करायचा आणि मगच घोट घ्यायचा. चाळीस वर्षं हातमागावर बसून त्याने स्वतःला असा काही रंधा मारून घेतला होता की त्याने विणलेलं कापड आणि गिरणीतलं कापड शेजारी ठेवलं, तर जरा जास्त सरळ असेल ते त्याचं.

तिथेच घोडं पेंड खात होतं. गिरणीचं कापड हातमागाचं म्हणून खपवणारे लोक फार माजले, म्हणून विणकर संघाने नवा नियम काढला. हाताने विणलेल्या कापडात माणसाच्या हाताची खूण दिसली पाहिजे. खूण म्हणजे दर मीटरला किमान तीन अनियमित दोष. तसे दोष असतील तर शिक्का, नसतील तर नापास. लागोपाठ तीनदा नापास झालेल्याचं नाव नोंदवहीतून निघणार आणि संघाने दिलेला माग संघ उचलून नेणार. आणि फूटपट्टीचा माग संघाचाच होता. मागाची लाकडी बैठक इतक्या वर्षांत त्याच्या मापाने झिजली होती. दुसरा कोणी तिथे बसला तर घरंगळून पडला असता.

फूटपट्टीने मुलीला हाताने माग दाखवला. हा माग, हा धोटा, हा मी. बसून विणून दाखवतो, डोळ्यांनी बघा.

"मला दिसतंय हो सगळं," ती कळवळून म्हणाली. "पण काही लोक पुढच्या खोलीत नुसता माग मांडून ठेवायचे आणि कापड गिरणीतून आणायचे. म्हणून आता फॉर्मवर मागाला रकानाच नाही. फक्त दोषांना आहे."

ती गेल्यावर फूटपट्टीने त्या पाच मीटरची काठाला काठ लावून घडी घातली. त्याला राग येत होता आणि तो नेमका कोणावर काढावा ते कळत नव्हतं. कापूस पिंजतात तो कचरा काढायला. पिंजलेल्याचे पेळू करून त्यांना पीळ देतात तो सूत एकसारखं यावं म्हणून. सुताला खळ लावतात ती त्याचे सुटे तंतू बसावेत म्हणून. मग हजारो धागे एकेक करून फणीच्या घरांतून ओवायचे, एकही आडवातिडवा जाऊ द्यायचा नाही, आणि त्या उभ्या ताण्यातून आडवा बाणा फेकत राहायचा. कापसाच्या बोंडापासून घडीपर्यंत सगळा धंदाच मुळी चुका काढून टाकण्याचा. आणि शेवटी ही पोरगी भिंग घेऊन येते आणि विचारते, चुका कुठे गेल्या.

बायको रहाटापाशी बसून कांड्या भरत होती. धोट्यात घालायच्या सुताच्या त्या छोट्या कांड्या ती एकतीस वर्षं भरत आली होती. ती म्हणाली, "करा की दोनचार चुका. काय अवघड आहे?"

फूटपट्टीलाही तसंच वाटलं होतं. पुढच्या महिन्याचं कापड त्याने धडधडीत चुका करायच्या असा निश्चय करून विणायला घेतलं. अधूनमधून ठोका हळू मारायचा, म्हणजे तिथे कापड विरळ पडेल. मन घट्ट करून तो तसं करत गेला. प्रत्येक विरळ पट्टीपाशी तो मान फिरवून घेई. पण माग वाचवायचा होता.

मुलगी आली, भिंग लावलं आणि हसली. मग तिने टेप काढली. एक पट्टी, दुसरी पट्टी, तिसरी पट्टी. तिचं हसू मावळलं.

"काका, बावीस सेंटिमीटर. पुढची पण बावीस. ही पण."

फूटपट्टीने स्वतः टेप धरून पाहिली. अधूनमधून, अधूनमधून, असं तो मनाशी म्हणत होता खरा. पण हात आपला मोजत होता. दर चारशे ठोक्यांनी एक चूक, काटेकोर. यंत्राचा एखादा दात तुटला की अशाच ठराविक अंतरावर खोट येते, असं मुलीने समजावून सांगितलं. म्हणजे पहिल्यांदा त्याचं कापड चांगल्या यंत्राचं ठरलं होतं, आता नादुरुस्त यंत्राचं ठरलं. दुसऱ्यांदा नापास.

त्या महिन्यात फूटपट्टीने काय काय केलं ते गल्लीला कळलं असतं तर मास्तर हे नाव तोंडावरूनही गेलं असतं. त्याने डाव्या हाताने धोटा फेकून पाहिला. दहा मिनिटांत डावा हात उजव्यासारखा चालायला लागला. डोळे मिटून विणलं. काठ आणखीच सरळ आला. शेवटी त्याने मुलीला फोन लावला. स्वतःच्या मुलीला, तपासणीच्या नव्हे. ती शहराबाहेरच्या मोठ्या गिरणीत मशीनवर होती, आणि बापाने त्या नोकरीचं कधी नावही काढलं नव्हतं. आज त्याने आडून आडून विचारलं, की तुमच्याकडे चुका कशा होतात.

"बाबा, आमच्याकडे चुकांचा वेगळा प्रोग्रॅम आहे," ती म्हणाली. "हातमागासारखं दिसलं पाहिजे ना. एक चूक परत दुसऱ्यांदा येत नाही. तुम्हाला पाठवू का नमुना?"

फूटपट्टीने फोन ठेवून दिला. यंत्राला चुकता येत होतं आणि त्याला येत नव्हतं. यावर हसावं असं त्याला वाटलं, पण तोंड वाकडं होऊन तसंच राहिलं.

मग तो रहाटापाशी गेला. बायकोने वर पाहिलं. त्याने घसा खाकरला, रहाटाच्या खुंटीवरची दोरी उगीच सारखी केली.

"तू बसतेस का मागावर?" तो म्हणाला.

रहाट थांबला. दोघांनाही एकच गोष्ट आठवली असणार, कारण दोघंही एकमेकांकडे बघेनात. लग्नाच्या पहिल्याच वर्षी ती हौसेने मागावर बसली होती आणि तिने चार मीटर कापड विणलं होतं. तिचा हात एकसारखा नव्हता. मनात काही चांगलं आलं की ठोका सैल पडायचा, कशाचा राग आला की दाट. ते कापड म्हणजे तिचे ते आठ दिवस होते, ज्याला वाचता येईल त्याने वाचावेत. फूटपट्टीने ते पाहिलं, खिडकीत बसला आणि दोन दिवसांत धागा न् धागा उसवून बाण्याचं सूत परत गुंडाळून ठेवलं. सूत वाया जायला नको, एवढंच म्हणाला. आपण तिला टाकून बोललो नाही, याचं त्याला तेव्हा कौतुकच वाटलं होतं. त्यानंतर ती कांड्या भरायला लागली.

"बसते," बायको म्हणाली. "पण उसवायचं नाही."

"नाही उसवणार."

"आणि बघत उभं राहायचं नाही."

हे जास्त अवघड होतं. फूटपट्टी तिच्याकडे पाठ करून रहाटावर बसला आणि कांड्या भरू लागला. कान मात्र बंद करता येत नव्हते. खट, खट, मग बराच वेळ काही नाही, मग दोन ठोके घाईघाईने, मग एक इतका हळू की तो मारला की राहिला अशी शंका यावी. तो दात आवळून सूत गुंडाळत राहिला. चौथ्या दिवशी बायकोने मागावरूनच सांगितलं की कांड्या जरा सैल येतायत, घट्ट भरा. त्याने निमूटपणे घट्ट भरल्या.

तपासणीच्या दिवशी मुलीने भिंग ठेवलं आणि उचललंच नाही. ती मीटरमागून मीटर तशीच वाकून सरकत गेली. एका मीटरला अकरा दोष, पुढच्याला चार, त्यापुढे सतरा, आणि एकासारखा दुसरा नाही. असं कापड आपण नोकरीत पाहिलं नाही, असं ती म्हणाली. तिने शिक्का काढला, फॉर्म काढला आणि विणकर या रकान्यात फूटपट्टीचं नाव लिहायला पेन टेकवलं. खाली मदतनीस असा रकाना होता. तिथे दर वेळी बायकोचं नाव जायचं. बायको मान खाली घालून कापडाची घडी घालत होती. एका घडीला तिने फारच वेळ लावला.

"हे हिने विणलंय," फूटपट्टी म्हणाला. "नावं बदला."

हे तो बायकोच्या प्रेमापोटी म्हणाला असं कोणी समजू नये. असल्या कापडाखाली आपलं नाव लागणं त्याला सोसवलं नसतं, एवढंच. पण मुलीने नावं बदलली, बायकोने मान वर केली, आणि आतापर्यंत कधीच न पाहिल्यासारखं तिने त्याच्याकडे पाहिलं. तो आपल्या कांड्यांकडे वळला. माग वाचला होता आणि फॉर्मवर तिच्या नावाखाली मदतनीस म्हणून तो उरला होता.

असे आठ महिने गेले. दर महिन्याला शिक्का पडत होता. बायको आता पहाटेच उठून आवरून बसायची, वाकताना कमरेवर हात ठेवायची, सूत खराब आलं की संघात जाऊन दोन शब्द सुनावूनही यायची. गल्लीत कोणीतरी तिला मास्तरीणबाई म्हणालं, तेव्हा ती काहीच ऐकू न आल्यासारखी चालत राहिली आणि घरी येऊन दिवसभर गुणगुणत होती.

नवव्या महिन्यात, तपासणीच्या आदल्या दिवशी, कांडी भरता भरता फूटपट्टीचा हात थांबला. काहीतरी वेगळं होतं. त्याने कान दिला. खट, खट, खट, खट. त्याने शंभर मोजले, दोनशे मोजले. एकही ठोका मागेपुढे नव्हता. चाळीस वर्षं जो आवाज फक्त त्याच्या स्वतःच्या हातातून निघत होता, तो पाठीमागून येत होता.

तो उठला आणि दिलेला शब्द मोडून मागापाशी जाऊन उभा राहिला. कापड सरळ, दाट, नितळ. काठावर बोट फिरवलं तर कुठे अडलं नाही.

"हात बसला तुझा," तो म्हणाला.

धोटा तिच्या हातातच राहिला. "काय म्हणालात?"

"हात बसला. माझ्याइतका."

तिने स्वतः काठावरून बोट फिरवून पाहिलं. मग सावकाश म्हणाली, "एकतीस वर्षं थांबले मी हे ऐकायला. आणि आता ऐकवताय, उद्या नापास होईल तेव्हा."

तिचं म्हणणं खरंच होतं. त्याने कौतुक केलं होतं आणि ती वाईट बातमी होती. आता काय करायचं, असं दोघांच्याही मनात होतं. शेवटी तीच म्हणाली, की शेवटचं दीड मीटर अजून विणायचंय, तुम्ही इथेच बसा आणि काहीतरी बोला. लग्नाच्या वर्षी तुम्ही बोलायला लागलात की माझा हात चुकायचा, आठवतंय ना.

फूटपट्टी स्टुलावर बसला. आधी तो सुताबद्दल बोलला, मग संघाबद्दल, मग मुलीच्या गिरणीबद्दल. खट, खट, खट. ठोका ढळेना. मग त्याने खाली पडलेली रिकामी कांडी उचलली. तिच्यावर बोट फिरवत तो पुन्हा बोलला.

"ते चार मीटर," तो म्हणाला, "मी उसवायला नको होते. मला तेव्हाही कळलं होतं त्यात काय होतं. मला ते वाचता येत होतं, म्हणून मी उसवले."

ठोका पडला नाही. मग पडला, अर्धवट. मग लागोपाठ तीन, भलत्याच जोराने, आणि बाण्याचा धागा ताणून तुटला. तिने डोळे पुसले, त्याच हाताने गाठ मारली आणि विणत राहिली, आणि पुढचा अख्खा मीटर तिला काही सरळ विणता आला नाही.

दुसऱ्या दिवशी तपासणीची मुलगी आली. नितळ कापडावरून भिंग सरकवताना ती काळजीत पडत गेली, आणि शेवटच्या मीटरवर पोचताच ओळखीचं माणूस भेटल्यासारखी खुलली. तीनच्या ठिकाणी तिने एकवीस दोष मोजले. मागच्या मीटरांची कसर याने भरून निघते, असं तिने स्वतःच्या जबाबदारीवर ठरवलं आणि शिक्का काढला. मग कुतूहलाने भिंग पुन्हा त्या गाठीवर ठेवलं.

"काकू, इथे काय झालं होतं?"

बायकोने फूटपट्टीकडे पाहिलं नाही. तो पाठमोरा बसून कांडी भरत होता, आणि कांडी सैल येत होती.

"काही नाही," ती म्हणाली. "हे बोलत होते."