चादरीवरचं पाणी

परगावचा माणूस नव्या जागी कधी रुजतो, यावर प्राध्यापकमहाशयांनी तीस वर्षांत तीन जाडजूड ग्रंथ लिहिले. स्वतः मात्र ते परगावाहून येऊन इमारतीत अजून ‘सर’च होते. जिन्यात सगळे अदबीने बाजूला होत. परक्याला मान मिळतो आणि बोलणी आपल्याच माणसाला बसतात, असं त्यांच्याच दुसऱ्या ग्रंथात छापलेलं असल्यामुळे तो मान त्यांना फार खुपे.

निवृत्तीच्या दुसऱ्या दिवशी ते गॅलरीतल्या कुंड्यांना पाणी घालत होते.

“डोळे आहेत की बटणं?” खालच्या काकू कडाडल्या. “धुतलेल्या चादरीचा चिखल केलात! आणि जिन्यातला तो चपलांचा ढीगही उचला. दहा वर्षं गप्प बसले मी!”

“चुकलो, काकू.”

“चुकलो म्हणे! खाली या आणि चादर पिळू लागा.”

प्राध्यापक हरखून आत धावले. “अगं, काकूंनी मला झापलं!”

“मग त्यात नाचायचं काय?” बायको म्हणाली. “चौथा ग्रंथ लिहायला बसणार होतात ना?”

“आता कशाला?” बाह्या सरसावत ते म्हणाले, आणि जाताना चपलांचा ढीगही उचलून घेतला.