माझ्यामुळे थांबलेला धवला

मी एक विजेवर वाजणारी गिटार आहे. वेसाव्याच्या कोळीवाड्यात एका खुंटीला टांगलेली असते. वारा आला की माझं तोंड भिंतीकडे वळतं, आणि खरं सांगायचं तर तेच मला बरं वाटतं.

सदुसष्ट साली मरोळला माझा जन्म झाला. रेडिओची खोकी करणाऱ्या तुळशीदास मिस्त्रीने परदेशी चित्र बघून मला घडवलं. मान जरा जाडच राहिली. हरेश्वर मला घ्यायला आला तेव्हा त्याच्या अंगाला मासळीचा वास होता. नव्या पॉलिशने शेफारलेली मी, नाक मुरडलं. त्याचीही आता लाज वाटते.

हरेश्वर ब्लूज-रॉक गायचा. अमेरिकेतल्या काळ्या मजुरांच्या दुःखाचं गाणं, त्याला ड्रमचा आणि माझा दणका. जुहूच्या एका हॉटेलात आम्ही वाजवायचो. तिथे त्याचं नाव हॅरी. लोक जेवत असायचे, ऐकत कुणीच नसे.

मॅनेजर नंदकुमार एकदा म्हणाला, "यार हॅरी, ही गाणी लोक रेकॉर्डवर ऐकतात. तुझं स्वतःचं काय आहे? नवीन काही आण, नाहीतर मी दुसरा बँड बघतो."

हरेश्वरची आई पुतळाबाई धवलारीण, म्हणजे लग्नविधीची गाणी गाणारी. कोळ्यांच्या लग्नात तिने धवला गायल्याशिवाय नवरीला हळद लागत नसे. मांडवाबाहेर मात्र ती तो कधी गुणगुणायचीसुद्धा नाही. लहानपणी हरेश्वर मांडवात तिला चिकटून बसायचा.

एका दुपारी त्याने धवल्याचीच चाल माझ्यावर काढली. हे आपलं नाही, हे मला कळत होतं. एखादी तार तुटू दिली असती तरी तो थांबला असता. पण चाल इतकी गोड बसली, मला मोह आवरला नाही. त्याने वर इंग्रजी शब्द चढवले. हॉटेलात लोक ताटं सोडून ऐकायला उठले. पुढे कॉलेजांतून बोलावणी आली, रेकॉर्ड निघाली. "चाल तुझीच?" असं कुणी विचारलं की हॅरी मान डोलवायचा.

बहात्तर साली त्याच्या बहिणीचं, सुगंधाचं लग्न निघालं. हळदीला दारातल्या मांडवात पुतळाबाईने पदर सावरून धवला सुरू केला. दुसऱ्याच ओळीला मागे बसलेले नवऱ्याचे मित्र फिदीफिदी हसले.

"अरे, हे तर हॅरीचं गाणं!" म्हणत ते चुटक्या वाजवून इंग्रजी शब्द गाऊ लागले.

सुगंधाच्या एकाच गालाला हळद लागली होती. पुतळाबाई थांबली. तिने त्या मुलांकडे पाहिलंच नाही.

"मांडवातला धवला कुठं नेलास रं, बाला?"

"आये, मी फक्त चाल घेतली गं."

"मंग आता तूच गा."

हरेश्वरने तोंड उघडलं. त्याला एक शब्द आठवेना. शेवटी शेजारच्या पार्वतीने अर्धेमुर्धे शब्द जुळवून कसाबसा धवला पुरा केला आणि दुसऱ्या गालाला हळद लागली.

त्यानंतर हरेश्वरने हॉटेल सोडलं. पुतळाबाईने मांडवात जाणं सोडलं. गेली दहा वर्षं बोलावणं आलं की सांगते, आवाज गेला. आवाज ठणठणीत आहे; बाजारातली तिची हाक मला इथे ऐकू येते.

परवा हरेश्वर तिच्या पायाशी बसला. "आये, मला शब्द शिकव. नायतर तुझ्याबरोबर जातील."

ती जाळं विणत होती. मान वर न करता म्हणाली, "शिकवीन की. मांडवाबाहेर मी गात नाय, ठाव हाय ना तुला?"

आणि मांडवात ती जात नाही. माझ्या तारा मात्र अजून त्याच चालीला लावलेल्या आहेत. कुणीतरी येऊन त्या काढून टाका हो.