चौथी कडी

जावयाला नाही म्हणता येत नाही, एवढ्याच एका कारणाने बापूसाहेबांची झोप उडाली.

बापूसाहेब माझ्या थोरल्या बहिणीचे, माईचे, यजमान. देवासला घर, पोस्टातली पेन्शन, आणि अंगणात टगरीचं एक झाड. माणसाच्या जमेला काय काय आहे हे बघायची मला खोड आहे, म्हणून सांगतो, त्यांच्या जमेला मोठी बाब एकच होती. घराण्याचा लंगर त्यांच्या हातून तुटायचा.

लंगर म्हणजे खंडोबाची लोखंडी साखळी. चंपाषष्ठीला तळी भरून झाली की घरातल्या कर्त्याने ती दोन्ही हातांत धरायची, देवाचं नाव घ्यायचं आणि हिसका देऊन तोडायची. तुटली की देवाने सेवा घेतली. बापूसाहेबांच्या हातून ती एका हिसक्यात तुटे, त्यांच्या वडिलांच्या हातूनही तुटे. तुटलेली कडी नंतर लोहाराकडून सांधून आणतो, असं ते सांगत. कोणता लोहार, हे कोणी विचारलं नव्हतं.

गेल्या षष्ठीला तुटताना गंजाचा असा भुगा उडाला की समोर बसलेल्या तरुणचा पांढरा सदरा तपकिरी झाला. तरुण म्हणजे त्यांचा जावई, मुलीचा, मोनाचा, नवरा. धारला कॉलेजात केमिस्ट्री शिकवतो आणि उरलेल्या वेळात जुन्या लोखंडाचा गंज काढतो. भंगारवाल्यांकडून कुलपं, रिकिबी, अडकित्ते आणायचे, टबात बुडवायचे आणि वीज सोडायची. लोकांचे जावई सासऱ्याकडे गाडी मागतात, ह्याने गंज मागितला. स्वतःच्या आईवडिलांच्या देखत म्हणाला, "बाबा, पुढच्या षष्ठीला लंगर साफ करके देतो मी. नाही तर हे लोखंड संपून जाईल."

व्याही हसत होते, विहीणबाई कौतुकाने बघत होत्या. बापूसाहेब म्हणाले, "न्या की."

वर्षभर त्यांनी वाट पाहिली की पोरगा विसरेल. केमिस्ट्रीवाले विसरत नाहीत. भाऊबीजेला मोना आली आणि परत जाताना पिवळ्या फडक्यात बांधलेला लंगर तरुणच्या डिक्कीत गेला.

गाडी वळली तशी बापूसाहेबांनी मला अंगणात ओढलं. टगरीची पानं खुडत खुडत त्यांनी जे सांगितलं ते असं. चौथी कडी उघडी आहे. ती त्यांच्या वडिलांच्या आधीपासून उघडीच आहे. दरवर्षी षष्ठीनंतर ते ती परत अडकवतात, तिच्या तोंडात तेलात मळलेला भंडारा ठासतात आणि वरून मिठाचं पाणी शिंपडतात. वर्षभरात गंज चढतो आणि गंजच तिला धरून ठेवतो. हिसका दिला की कट्. लोहार वगैरे कोणी नाही.

"गंज गेला की ती 'आ' करून बसणार," ते म्हणाले. "धारच्या मंडळींना कळणार, आणि मग जगदेवला कळणार. ह्या वयात मला लबाड ठरायचं नाही हो."

जगदेवराव त्यांचे चुलतभाऊ, हाटपिपल्याला टायरचं दुकान. देवासात राज्यंसुद्धा दोन होती, थोरली पाती आणि धाकटी पाती. ह्या घराने तोच हिशेब चालवला आहे. बापूसाहेब थोरल्या पातीचे म्हणून मान त्यांचा. धाकटे जगदेवराव दरवर्षी येतात, मागे उभे राहतात आणि लंगर तुटला की म्हणतात, "दादा, कोणत्या चक्कीचा आटा खाता, पत्ता तरी द्या." हसून म्हणतात, पण डोळे साखळीवर असतात.

दुसऱ्याच दिवशी माझ्या गाडीतून आम्ही धारला निघालो. निमित्त गराडूचं, म्हणजे तळून खायच्या कंदाचं. इंदूरच्या बायपासवर बापूसाहेब सीटच्या टोकाला बसले होते, जणू गाडी तेच ढकलत होते. काच खाली, काच वर. पुढच्या ट्रकला मागे टाक म्हणाले, टाकला तर हळू चालव म्हणाले. घाटाबिल्लोदला चहा घेतला, अर्धा ठेवला.

मोनाने पिशवी बघितली. "गराडू? मामा, आमच्या गल्लीच्या तोंडावर गाडी लागते गराडूची." मी म्हटलं, देवासचे वेगळे असतात. तिने माझ्याकडे आणि बापाकडे एकदा नीट पाहिलं आणि चुलीवर तेल चढवलं.

मागच्या अंगणात टब होता. धुण्याच्या सोड्याचं पाणी, त्यात मधोमध लंगर टांगलेला, कडेने भंगारातल्या सळ्या उभ्या. शेजारी बॅटरी चार्जरचा डबा गुरगुरत होता.

तरुण उत्साहात होता. काळी वायर लंगरला, लाल वायर सळ्यांना. वीज फिरते, बारीक बुडबुडे येतात, गंज ढिला होतो, आणि तिकडे सळ्या खाल्ल्या जातात. "क्या है बाबा, एकाला साफ करायचं तर दुसऱ्याला खराब व्हावंच लागतं," तो म्हणाला. बापूसाहेबांनी त्या सळ्यांकडे नातेवाइकांकडे बघावं तसं बघितलं.

त्याला शिकवणीच्या पोरांनी हाक मारली. तो आत गेला मात्र, बापूसाहेब उठले आणि भिंतीवरचं बटण बंद करून परत खुर्चीत येऊन बसले. बुडबुडे थांबले. तरुण परतला, डब्यावर टिचकी मारली, म्हणाला, लाइट गेली होती काय. मी गराडूकडे बघत राहिलो. त्याने बटण लावलं, पुन्हा आत गेला, पुन्हा बुडबुडे थांबले. तिसऱ्या वेळी मोना दारातच होती.

"बाबा, ते पंख्याचं बटण नाही," ती म्हणाली.

"उकडतंय जरा."

कार्तिक महिना, आणि त्यांच्या अंगात स्वेटर.

मग जे व्हायला नको होतं ते झालं. तरुण टबावर वाकून म्हणाला की बुडबुडे पहिल्या तीनच कड्यांवर येतात, पुढे करंट जातच नाही. बटण बंद करून त्याने लंगर बाहेर काढला, पुसला आणि मीटरच्या दोन तारा घेऊन एकेक कडी तपासू लागला. पहिली, मीटर वाजला. दुसरी, वाजला. तिसरी, वाजला. चौथीला मीटर गप्प.

"भंडारा बाकी कड्यांवर ऊपर-ऊपर आहे," तरुण म्हणाला. "इथे तर कोणी तरी ठासून भरलाय. तेल पण आहे. म्हणून करंट अडतो."

"देवाचा भंडारा आहे, तरुणराव," बापूसाहेब म्हणाले. "कुठेही जाऊन बसतो."

तरुणने मान हलवली, मोनाकडून गोधडीची सुई मागितली आणि कडीचं तोंड कोरू लागला. सुईच्या टोकावर पिवळी खपली आली तसे बापूसाहेब चालून येतो म्हणून निघाले. फाटकापर्यंत गेले, परत आले. पुन्हा फाटकापर्यंत गेले. गराडू तळून झाले, मोनाने वर मसाला भुरभुरला, लिंबू पिळलं. त्यांनी एक तुकडा तोंडात धरला, चावला नाही, आणि निघू या म्हणाले.

गाडी बेटम्याला आली. मग त्यांनी विचारलं, "दिसलं असेल त्याला?"

मी म्हटलं, दिसलंच असणार.

"मग बोलला का नाही?"

"जावई आहे. तुम्ही त्याला नाही म्हणू शकत नाही, तो तुम्हाला खोटं म्हणू शकत नाही. फिटंफाट."

मला माझा हिशेब फार पटला होता. तो चुकलेला होता, हे षष्ठीच्या सकाळी कळलं.

त्या सकाळी तरुणने देवघरासमोर पिवळं फडकं सोडलं. लंगर चकाकत नव्हता. काळसर, नितळ, मेण लावलेला, प्रत्येक कडीवर हातोडीचे ठोकेसुद्धा दिसत होते. ह्या घरात लंगर असा कोणी पाहिलाच नव्हता. बायका पुढे झाल्या. बापूसाहेबांची बोटं मात्र पहिलीवरून दुसरीवर, तिसरीवर आणि चौथीवर जाऊन थांबली. चौथी बंद होती. पक्की बंद.

तरुण त्यांच्या कानाशी आला. मी शेजारीच होतो. "बाबा, तुमच्या लोहाराने काम कच्चं केलं होतं. सांधा केलाच नाही, नुसता भंडारा भरून दिला. मैंने वेल्ड करवा दी. आता कोणी बोलणार नाही की कच्ची कडी तोडली."

म्हणजे पोराने सासऱ्यावर संशय घेतलाच नव्हता. लोहारावर घेतला होता, जो नव्हताच. बापूसाहेबांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला. पडू नये म्हणून ठेवला असावा.

तळी भरली. भरीत-रोडग्याचा वास घरभर झाला. आता लंगर. बापूसाहेब उठले, साखळी घेतली, सगळ्यांकडे पाहिलं आणि मागे उभ्या जगदेवरावांना पुढे बोलावलं.

"ह्या वर्षी तुम्ही. माझा खांदा धरलाय."

माई माझ्या कानात पुटपुटली की काल तर ह्याच खांद्याने गव्हाची गोणी आत आणली. मला मात्र हिशेब दिसला, आणि दाद द्यावी असाच होता. जगदेवच्या हातून तुटणार नाही. देवाने धाकट्या पातीची सेवा घेतली नाही, असं होईल. मान आपोआप परत येईल, आणि वर्षभरात चौथ्या कडीचंही बघता येईल.

जगदेवराव जागचे हलेनात. मग त्यांनी घड्याळ काढून खिशात ठेवलं, हात धुऊन आले आणि वाकून बापूसाहेबांच्या पायांना हात लावला. "दादा," एवढंच म्हणाले. इतकी वर्षं ह्यांचे डोळे साखळीवर असत ते संशयाने, असं आम्ही धरून चाललो होतो.

पहिला हिसका. काही नाही. दुसरा. काही नाही. बापूसाहेबांच्या चेहऱ्यावर भाऊबीजेनंतर पहिल्यांदा स्वस्थता आली. ते मायेने म्हणालेसुद्धा, "राहू द्या, जगदेवराव."

जगदेवरावांनी ऐकलं नाही. डोळे मिटले, साखळी छातीशी घेतली आणि तिसरा हिसका दिला. आवाज कट् नव्हता, बसका होता. लंगराचे दोन तुकडे झाले. येळकोट झाला, भंडारा उधळला, आणि टायरवाल्या जगदेवरावांचा अंगठा सोलवटला होता तरी ते लहान मुलासारखे रडत होते.

बापूसाहेब खाली बसून दोन्ही तुकडे चाचपत होते. चौथी शाबूत होती. तुटली होती ती पार पलीकडची, जिला कोणी कधी हात लावला नव्हता.

तरुणने तुटलेली कडी उजेडात धरून मला दाखवली. "ही आतून खाल्लेली होती, मामाजी. गंजाने जाड दिसत होती. गंज निघाला तर आत सुतळीएवढं लोखंड. खाऱ्या पाण्याने होतं असं, पण देवघरात खारं पाणी कुठून येणार?"

मी बापूसाहेबांकडे पाहिलं नाही.

जेवणं झाल्यावर जगदेवराव अंगठ्याला फडकं बांधून आले. म्हणाले, दादा, तो लोहार कोणता ते सांगा, ह्यापुढे लंगर मी सांधून आणत जाईन. बापूसाहेब त्यांना टगरीजवळ घेऊन गेले. दोघं बराच वेळ उभे होते. मग जगदेवराव आत गेले आणि बापूसाहेब ओसरीवर माझ्याशेजारी शाल घेऊन बसले.

"सांगितलंत?" मी विचारलं.

"काय सांगू? त्याच्या हातून खरंच तुटला." मग म्हणाले, "तरुणचा वेल्डर सांगितला."

आत बायका जगदेवरावांच्या अंगठ्याला हळद लावत होत्या.

"मी कधी जोर लावलाच नाही हो," बापूसाहेब म्हणाले. "चौथी धरायची आणि अलगद झटका द्यायचा, एवढंच शिकलो. एकदा तरी लावून बघायचा होता."

लंगराचा लांब तुकडा त्यांच्या मांडीवर होता. शालीखाली त्यांचे हात हलले, थांबले, पुन्हा हलले. माई भांडी घेऊन बाहेर आली आणि शालीतून येणारा साखळीचा आवाज ऐकत दारातच उभी राहिली.