धाकटीच्या घराची दुसरी किल्ली

मी दुसरी किल्ली बोलतेय. पहिलीचा रुबाब वेगळा, ती रोज मालकिणीबरोबर हिंडते. माझा जन्म कोपऱ्यावरच्या किल्लीवाल्याच्या मशीनवर झाला. "नाही लागली तर परत आणा," तो म्हणाला होता. मी पहिल्याच फटक्यात लागले, आणि त्याचा मला केवढा अभिमान!

मालकीण घरातली धाकटी. आईबाबा आणि लग्न झालेली ताई शहराच्या दुसऱ्या टोकाला, शेजारीशेजारी राहणारे. अकरा खोल्यांना नाकं मुरडून धाकटीनं ही बारावी घेतली. चौथा मजला, लिफ्ट नाही, एका भिंतीला ओल. पण एकटीची! नोकरी नवी म्हणून करार बाबांच्या नावावर होता.

तिनं खिडकी स्वतः निळी रंगवली आणि केसांत रंग घेऊनच ऑफिसला गेली. फळांच्या खोक्यांचं पुस्तकांचं कपाट केलं. पडदा हातानं शिवला, तो चार बोटं आखूड झाला. पलंग सवडीनं घेऊ म्हणाली, तोवर गादी जमिनीवर.

मग तिनं मला ताईच्या हातात ठेवलं. "अडीअडचणीला असू दे. तुझ्याशिवाय कुणाला देऊ?" मला तर आभाळ ठेंगणं झालं.

एका दुपारी, धाकटी ऑफिसात असताना ताई आली. मी बिनदिक्कत दार उघडलं. वाटलं, काही आणलं असेल. तिनं मोबाइल काढला. ओलीचा फोटो, गादीचा फोटो, सिंकमधल्या एकुलत्या एका ताटाचा फोटो. खिडकीकडे मात्र पाठ. मग नवऱ्याला फोन लावला. "एकदा ही परत आली ना, की आईबाबांचं सगळं माझ्या एकटीच्या गळ्यात राहणार नाही."

मला संताप आला. खरं सांगायचं तर, थोडी कीवही आली.

निघताना गादीवरचं चुरगळलेलं पांघरूण तिला बघवेना. उचलून तिनं घडी घातली. तीनपदरी, टोकं आत दुमडलेली, अगदी त्यांची आई घालते तशी. सवयीचा हात, दुसरं काय!

संध्याकाळी बाबांनी फोटो पाहिले आणि ताईसमोरच धाकटीला फोन केला. स्पीकर चालू होता, मी पर्समधून ऐकत होते.

"ओल्या भिंतीला टेकून झोपतेस? मी करार मोडतोय. महिनाअखेर घरी यायचं."

"बाबा, ताईला द्या फोन." धाकटीचा आवाज शांत होता. "ताई, घडी छान घातलीस गं पांघरुणाची."

ताईनं फोन बाबांच्या हातात परत कोंबला.

पुढच्या आठवड्यात ती नवी चादर घेऊन गेली. बेल वाजवायची सोडून तिनं मलाच दारात घातलं. मी अर्ध्यावर अडकले. ताई खटपट करत राहिली, तेवढ्यात धाकटीनं आतून दार उघडलं.

"लॅच बदललंय. घरमालकाशी बोलून करारही माझ्या नावावर करून घेतलाय."

"मग ही घे तुझी," ताईनं मला पुढे केलं. डोळे भरले होते तिचे.

"राहू दे तुझ्याकडेच. कशाला लागत नाही ती आता."

तेव्हापासून मी ताईच्या पर्सच्या तळाशी आहे. ती मला फेकत नाही आणि माझ्याकडे बघतही नाही. धाकटी मला फितूर समजत असेल. तिला एवढंच सांगा कुणीतरी, की हात कुणाचा, कशासाठी आलाय, हे ओळखायला आम्हाला कुणी शिकवत नाही. त्या दुपारी मी अडायला हवं होतं. अडले, पण आठवडाभर उशिरा.