पिमची साक्ष

आठ वर्षांत कुशने आईकडे पहिल्यांदाच काहीतरी मागितलं, आणि तेही स्वतःसाठी नाही.

"आई, लुंग प्रासितची मुलगी मँचेस्टरला येते. मास्टर्सला. तिला आपल्याकडे ठेवशील? माझा खोली रिकामीच आहे."

"माझी खोली," वैजयंतीने सवयीने सुधारलं.

"हां, माझी. सो, इज दॅट अ येस?"

लुंग म्हणजे काका, आणि हे प्रासितकाका म्हणजे को तावान नावाच्या थायलंडमधल्या बेटावरचे एक नाववाले. 'को' म्हणजे बेट, एवढं थाई वैजयंतीला नाइलाजाने येऊ लागलं होतं. मँचेस्टरची चांगली आयटीतली नोकरी करणारा तिचा एकुलता एक मुलगा तिथे तीन आठवड्यांच्या सुट्टीवर गेला, पाण्याखाली पोहायला शिकला आणि परत आलाच नाही. आता तो प्रासितच्या बोटीवरून टुरिस्टांना समुद्रात उतरवायचा आणि प्रवाळ दाखवायचा. वर्षातून एकदा घरी यायचा, काळाकुळा होऊन. वैजयंती त्या बेटाचा उल्लेख "तुझं ते" असाच करायची. शशिधर, म्हणजे तिचे यजमान, दोनदा म्हणाले होते, "एकदा जाऊन तरी बघू." ती म्हणाली होती, "तुम्ही जा."

पण मुलगी येते म्हटल्यावर तिचे कान टवकारले. "अहो, उगाच का कोणी कोणाच्या मुलीसाठी शब्द टाकतं? बघा तुम्ही, हीच आपली सून."

सप्टेंबरात पिम आली. बुटकी, जाड चष्मा, पाठीवर तिच्याएवढीच बॅग. त्यांच्या सेल या उपनगरातल्या ट्राम स्टॉपवर शशिधर तिला घ्यायला गेले, तर तिने हात जोडून वाकून नमस्कार केला आणि त्यांच्या हातातली छत्री स्वतःच घेतली. बोलणं सगळं इंग्रजीतच चालायचं. "तुम्हाला काय म्हणू? आमच्याकडे आईबाबांच्या मोठ्या बहिणीला 'पा' म्हणतात."

"आमच्याकडे काकू म्हण," वैजयंती म्हणाली. आठवडाभर तिने दम धरला. मग भांडी पुसता पुसता विचारलंच, "तू आणि कुश…?"

पिम इतकी हसली की तिला चष्मा काढावा लागला. "कुश? काकू, तो रोज आमच्याकडे जेवतो. माझी आई त्याला ओरडते. ताटल्या नीट घासत नाही म्हणून."

वैजयंतीही हसली. पण आतून तिला जरा लागलं. आपल्या मुलाला ओरडणारी आई तिकडे दुसरी कोणी होती.

पिम पाण्याचा अभ्यास करायला आली होती. लहान बेटांना पिण्याचं पाणी कसं पुरवायचं, हा तिचा विषय. को तावानवर एकच तळं होतं. उन्हाळ्यात ते आटलं की मुख्य भूमीवरून बार्जने पाणी यायचं, आणि ते आधी हॉटेलांच्या पोहण्याच्या तलावांत जायचं. टेकडीमागे कचऱ्याची दुसरी टेकडी उभी राहिली होती. हे सगळं ती तक्रारीच्या सुरात सांगत नसे. हवामान सांगावं तसं सांगायची.

एका शनिवारी वैजयंतीने नारळ फोडला आणि विळी काढली. पिमने विळीच्या टोकाची खवणी बघितली आणि टुणकन जमिनीवर बसली. "आमच्याकडे आहे ही! आम्ही याला ससा म्हणतो." आणि ती असं सर्रसर्र खोवायला लागली की मालवणात वाढलेली वैजयंती बघतच राहिली.

खोवता खोवता पिमने आजीची गोष्ट सांगितली. पूर्वी बेटावर नारळाच्या बागा आणि मासेमारी, एवढंच होतं. पणजोबांनी वाटण्या केल्या तेव्हा चढावरची बागायती मुलांना दिली आणि किनाऱ्यावरची वाळू मुलीला. वाळूत काय पिकणार? आजी रडली होती म्हणे. मग पाठीवर बॅगा घेतलेले पहिले परदेशी आले, त्यांना समुद्रासमोरच झोपायचं होतं. आजीने त्यांच्यासाठी बांबूच्या झोपड्या बांधल्या. "सगळ्या भावांपेक्षा आजी श्रीमंत झाली. काकू, आम्हाला पर्यटनाने जेवायला घातलं. माझी फीसुद्धा त्यातूनच येते. म्हणून मला बोलताना अवघड जातं."

"आमच्या मालवणलाही तसंच," वैजयंती म्हणाली. "माझ्या मामेभावाने घराचं होमस्टे केलं. आता मी गेले की मला झोपायला खोली नसते. पण त्याची मुलं शिकली, हेही खरंच."

त्या दिवसापासून दोघींची गट्टी जमली.

दिवाळीनंतर मराठी मंडळाचं जेवण होतं. तिथे वैभवी भेटली. ती वैजयंतीची जुनी मैत्रीण, बोलायला मोकळीढाकळी. पिम को तावानची आहे हे कळताच ती तिच्या शेजारी येऊन बसली. "अगं, आम्ही दहाबाराजणी मार्चमध्ये तिकडेच चाललोय! माझी पन्नाशी. ती डोंगरांच्या मधली खाडी आहे ना, निळं पाणी, फोटोतली? तिथेच केक कापायचाय. काही टिप्स दे ना."

पिमने चमचा खाली ठेवला. "मार्चमध्ये येऊ नका, प्लीज."

"का? गर्दी असते?"

"पाणी नसतं. माझी आई मार्चमध्ये बादलीने अंघोळ करते आणि तेच पाणी झाडांना घालते." मग ती घाईघाईने म्हणाली, "सॉरी. तुम्ही आलात तर माझ्या बाबांच्या बोटीतून या. ते चांगले आहेत."

वैजयंतीने वैभवीपुढे गुलाबजामचं ताट केलं.

परतताना ट्राममध्ये पिम म्हणाली, "काकू, त्याच खाडीबद्दल पुढच्या आठवड्यात बेटावर सुनावणी आहे. ती काही काळ बंद करायची का, यावर. मी कॉलेजात असताना दोन वर्षं तिथल्या प्रवाळांची पाहणी केली होती. त्यांनी मला व्हिडिओवर साक्ष द्यायला बोलावलंय."

"मग दे की."

"बंद करा, असंच मला सांगावं लागेल. बाबांची बोट तिथेच जाते. कुशचं कामही तिथेच आहे."

"बाबांना माहीत आहे?"

"मी बोलणार आहे, हे माहीत आहे. काय बोलणार, ते विचारलं नाही त्यांनी. आणि मीही सांगितलं नाही."

सुनावणीच्या दिवशी मँचेस्टरला सकाळ होती, तिकडे संध्याकाळ. डायनिंग टेबलावर पिमने लॅपटॉप मांडला. "काकू, तुम्ही बसाल इथे? कॅमेऱ्यात दिसणार नाही अशा." वैजयंती हॉस्पिटलात श्रवणयंत्रं बसवायचं काम करायची; तिने फोन करून सकाळच्या पेशंटना दुपारची वेळ दिली आणि टेबलाच्या टोकाला खुर्ची ओढून बसली.

पडद्यावर शाळेचा हॉल दिसत होता. खुर्च्यांवर माणसं दाटीने बसली होती. दुसऱ्या रांगेत कुश होता आणि त्याच्या शेजारी पांढऱ्या केसांचा, रुंद खांद्यांचा माणूस. हेच प्रासित, हे वैजयंतीला सांगायला लागलं नाही. आपला मुलगा त्याच्या इतक्या जवळ बसला होता की दोघांचे खांदे एकमेकांना टेकले होते.

पिम बोलू लागली. तिने फोटो दाखवले: नांगरांनी मोडलेले प्रवाळ, पाण्यावर सनक्रीमचा तवंग, एका वेळी खाडीत शिरलेल्या स्पीडबोटींची झुंबड. वैजयंतीला थाईतलं एक अक्षर कळत नव्हतं. फक्त एक शब्द ओळखीचा होता, 'फॉ', म्हणजे बाबा, कारण दर रविवारी फोनवर तो ऐकू यायचा. पिमने तो उच्चारला तेव्हा हॉलमधल्या माना वळल्या, आणि कुशने मान खाली घातली.

पिमचं बोलणं संपल्यावर प्रासित उठले. ते थोडंच बोलले, ओरडले नाहीत. बोलून झाल्यावर खाली न बसता सरळ दाराबाहेर निघून गेले. कुश त्यांच्या मागे गेला.

पिमने लॅपटॉप मिटला. वैजयंतीने विचारलं, "काय म्हणाले गं?"

"म्हणाले, माझी मुलगी खरं बोलते. तीस वर्षं मीच त्या दगडांत नांगर टाकलाय. शिकवलं म्हणून तिला हे कळलं, याचा मला आनंद आहे. आता मी खायचं काय, तेही तिने सांगावं."

आणि मग ती रडली. वैजयंतीने तिला जवळ घेतलं. तू बरोबर केलंस असं तिला म्हणायचं होतं, पण ते पूर्ण खरं वाटेना, म्हणून ती नुसतीच तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिली.

डिसेंबरात निकाल आला. खाडी बंद. पुन्हा कधी उघडायची, ते प्रवाळांची वाढ बघून ठरणार होतं. टुरिस्ट दुसऱ्या बेटांकडे वळले. कुशचा फोन आला. "आई, बोट बंद झाला. मी घरी येतो."

फोन ठेवल्यावर वैजयंती स्वयंपाकघरात गेली आणि तिने दार लावून घेतलं. आठ वर्षं देवापुढे जे मागितलं होतं ते मिळालं होतं, आणि वरच्या खोलीत ती मुलगी बसली होती जिच्याशी तिचे वडील बोलत नव्हते. रविवारी पिमची आई फोनवर यायची. बाबा कुठे आहेत विचारलं की "बाहेर गेलेत" म्हणायची.

कुश आला तेव्हा मँचेस्टरात बोचरा गारठा होता. पिमने त्याची खोली रिकामी करून दिली आणि ती छोट्या खोलीत गेली. पहिल्या रात्री जेवायला चौघं बसले. वैजयंतीने सुरमईचं कालवण केलं होतं, सोलकढी केली होती. कुणीच नीट खात नव्हतं.

शेवटी कुश पिमला इंग्रजीत म्हणाला, "तू खोटं बोलली नाहीस. मलाही दिसत होतं ते. रोज दिसत होतं. पण आधी सांगायचंस. मी त्यांच्या शेजारी बसलो होतो, पिम."

"आधी सांगितलं असतं, तर तू मला थांबवलं असतंस."

कुश म्हणाला, "हो. बहुतेक."

शशिधर सहसा अशा बोलण्यात पडत नसत. पण त्या दिवशी ते म्हणाले, "जेवा आधी. दोघंही उपाशी राहून कुठलं प्रवाळ वाढणार आहे?" कुशला हसू आलं. पिमने भात वाढून घेतला.

कुशला पालिकेच्या तरणतलावावर मुलांना पोहायला शिकवण्याचं काम मिळालं. मुलांना तो आवडायचा. घरी यायचा, जेवायचा, टीव्हीसमोर बसायचा. वैजयंतीला रोज संध्याकाळी दारात त्याचे बूट दिसायचे आणि बरं वाटायचं. पण हळूहळू तिच्या लक्षात आलं, की हा काही विचारत नाही, कशावर चिडत नाही, नुसता 'हो' म्हणतो. रविवारी पिमच्या आईचा फोन आला की मात्र तो उठून दाराशी येऊन उभा राहायचा.

एप्रिल उजाडला. एका सकाळी पिमचा फोन वाजला तेव्हा ती जिन्यात होती. "फॉ?" ती म्हणाली.

प्रासितना सरकारी सागरी उद्यानवाल्यांनी कामावर घेतलं होतं. बंद खाडीच्या तोंडाशी गस्त घालायची, चोरून शिरणाऱ्या बोटी परतवायच्या. पगार पूर्वीच्या कमाईच्या निम्माही नव्हता. पण खाडी त्यांच्याइतकी कोणालाच माहीत नव्हती. त्यांनी मुलीला कशी आहेस विचारलं नाही, माफही केलं नाही. त्यांनी फोनचा कॅमेरा वळवला आणि पाणी दाखवलं. गुडघाभर पाण्यात, वाळूवरून, काळ्या टोकाच्या परांची शार्कची पिल्लं फिरत होती. बरीच वर्षं ती तिथे दिसली नव्हती.

"कुशला बोलाव," ते म्हणाले.

कुश दात घासत होता, तसाच आला. दोघं थाईत बोलू लागले. विषय गस्तीच्या बोटीच्या इंजिनाचा होता, असं पिमने सांगितलं. ते सतत बंद पडत होतं आणि प्रासितना ते कुणीतरी मुद्दाम बिघडवल्यासारखं वाटत होतं. कुश काहीतरी म्हणाला, पलीकडून शिवी आली असावी, आणि कुश खदखदून हसला. तोंडातला फेस शर्टावर सांडला.

वैजयंती स्वयंपाकघराच्या दारातून बघत होती. तो घरी आल्यापासून असं हसणं तिने ऐकलं नव्हतं. दुपारी ती त्याच्या खोलीत गेली. "तिकडे आता तुला काही काम आहे का?"

"प्रवाळाची रोपं लावतात, आई. तुटलेल्या फांद्या बांधून. पैसा फार मिळत नाही. का?"

"मग तिकीट बघ."

"तू रडणार."

"रडेन की. तू बघ तिकीट."

मे महिन्यात त्याला विमानतळावर सोडायला तिघंही गेले. परतताना शशिधर गाडी घेऊन पेट्रोल भरायला वळले, आणि वैजयंती पिमबरोबर ट्रामने आली, कारण तिला गाडीत बसून रडायचं नव्हतं. ट्राममध्ये गर्दी होती. पिम तिच्या शेजारी उभी होती.

"काकू, तुम्ही माझ्यावर चिडलात?" तिने विचारलं.

"थोडी," वैजयंती म्हणाली. "आधी तुझ्यामुळे आला, आणि आता तुझ्या बाबांमुळे गेला. तुम्ही बापलेक मला नीट जगू देणार नाही."

पिमने तिचा हात धरला. सेल आल्यावर दोघी उतरल्या आणि भाजी घ्यायला गेल्या.