नंबर तोच

नंबर तोच होता, पण इंजिन ते नव्हतं. शालिग्रामआप्पा पुन्हा एकदा लोखंडी शिडी चढून आत डोकावले. सुरतेजवळच्या उधन्याच्या रेल्वे वसाहतीसमोर चौथऱ्यावर मालगाडीचं जुनं वाफेचं इंजिन बसवलं होतं. याच नंबरच्या डब्ल्यूजी जातीच्या इंजिनावर आप्पांनी अकरा वर्षं फायरमन म्हणून कोळसा टाकला होता, म्हणून तर त्यांना गोडादऱ्याहून मुद्दाम बोलावलं होतं.

“हाई मनं इंजन नही शे,” ते मुलीला म्हणाले.

“आप्पा, नंबर तर तोच शे ना?” रंजना म्हणाली.

“मंग भट्टीना दरवाजा सरळ कसा लागस?”

त्यांच्या भट्टीचा दरवाजा वाकडा होता. लाथ घातल्याशिवाय बंद होत नसे. पण रंजना त्यांच्याकडे काळजीनं बघत होती. गेल्या महिन्यात आप्पांना स्वतःच्या गल्लीत घर सापडलं नव्हतं. तसंच झालं असेल का? आप्पांचा आपल्याच डोक्यावरचा भरवसा उडू लागला.

खाली पांडुरंग उभे होते. मूळचे परभणीचे, इंजिनं दुरुस्त करणाऱ्या कारखान्यातले जुने फिटर. ते हसले.

“भाऊ, तुमच्या ध्यानात बरोबर हाय. आम्ही चार इंजिनं एकदम खोलायचो. याचा बॉयलर त्याला. बॉयलर गेला की भट्टी बी गेली. नंबर तेवढा जागेवर राहायचा.”

“मंग मी अकरा वरीस कोनता इंजनवर व्हतू?”

“ते आता कुणाला सांगता यायचं?”

आप्पांनी आत जाऊन ड्रायव्हरच्या सीटवर हात ठेवला. मग हळूच विचारलं, “आनि ही ड्रायव्हरनी सीट? ती तरी तीच शे का?”

 

आप्पांचे ड्रायव्हर भिकनदादा चालत्या गाडीत छाती धरून बसल्याजागीच गेले होते. त्या दिवशी दोंडाईचा स्टेशनापर्यंत शालिग्रामनं एकट्यानं गाडी आणली. एका हातानं इंजिन सांभाळलं, दुसऱ्या हातानं दादांना पडू दिलं नाही. चौथऱ्यावर लावलेल्या माहितीच्या फलकावर यातलं काहीच नव्हतं.

रेल्वेचे गुजराती साहेब कॅमेरावाल्याला घेऊन आले. “काका, ड्रायव्हरनी सीट पर बेसो ने, फोटो लईए.”

“नही,” आप्पा म्हणाले. “तठे दादा बसतस.”

ते भट्टीजवळ पाय फाकवून उभे राहिले. इंजिन जागचं हलत नव्हतं, तरी एका हातानं त्यांनी बाजूची दांडी घट्ट धरली होती.